नाव कुणाचं, मुलूख कुणाचा



तालुक्याचा इतिहास सांगायचा म्हटलं की आपल्याकडे बहुतेक वेळा किल्ले मोजले जातात आणि गॅझेटियरची पानं उतरवून काढली जातात. मी आज दुसऱ्या टोकाने सुरुवात करणार आहे. शहापूर आणि मुरबाड या दोन तालुक्यांत आणि त्यांच्यापायी बाहेर कुठे कुठे कुणाची नावं दिली गेली आहेत, ती माणसं इथे काय करून गेली, आणि त्यांना साथ देणाऱ्यांचं काय झालं, एवढंच आज बोलायचं आहे. अमेरिकेत वॉशिंग्टन नावाच्या कौंट्या तीसच्या घरात आहेत. कौंटी म्हणजे साधारण आपला जिल्हा समजा. त्यांतल्या बहुतेक ठिकाणी जॉर्ज वॉशिंग्टनचं पाऊलही पडलेलं नाही. तरी तिथली गावोगावची इतिहास मंडळं आपल्या कौंटीला हे नाव का मिळालं, जंगल तोडून पहिली वस्ती कुणी केली, आधीचे मूळ रहिवासी कुठे गेले, याच्या नोंदी करत बसतात. हे काम आपल्याकडे फारसं झालेलं नाही. ते व्हावं असं मला मनापासून वाटतं, म्हणून हा विषय.

शहापूर हे नाव एका विशिष्ट शहाचं म्हणून कुणाच्या पदरात टाकण्यात मला रस नाही. या नावाची गावं महाराष्ट्रात आणि कर्नाटकात पुष्कळ आहेत. बेळगावचं शहापूर आपल्यातल्या अनेकांना ठाऊक असेल. आपल्या शहापूरचं वजन नावात नाही, ते डोक्यावर उभ्या असलेल्या माहुलीत आहे. आसनगाव स्टेशनात उतरलं की भंडारगड, माहुली, पळसगड ही सलग रांग दिसते. उंची साडेआठशे मीटरच्या वर. मराठ्यांच्या इतिहासातलं एक मोठं वळण या डोंगरावर घडलं. १६३६ मध्ये शहाजीराजांनी निजामशाहीचा बालवारस घेऊन माहुलीचा आश्रय घेतला. खाली मोगलांचा खानजमान आणि आदिलशाहीचा रणदुल्लाखान, दोन्ही फौजांचा वेढा. कुमक कुठूनच येण्यासारखी नव्हती. शेवटी किल्ला सोडावा लागला, निजामशाही तिथेच संपली आणि शहाजीराजे आदिलशाहीच्या चाकरीत गेले. पुढची सगळी गोष्ट, पुणे जहागिरीची आणि बंगळूरची, या तहानंतरच्या वाटेने गेली आहे. शिवाजी महाराजांनी माहुली १६५८ मध्ये घेतली, पुरंदरच्या तहात १६६५ मध्ये ती द्यावी लागली, आणि १६७० मध्ये पहिला हल्ला फसल्यावर त्याच वर्षी पुन्हा जिंकली गेली. दरवर्षी पावसाळ्यात हजारो मुलं माहुलीला चढतात. त्यातल्या किती जणांना ठाऊक असतं की एका राज्याचा शेवट या माथ्यावर झाला? पायथ्याच्या शाळेत हा पाठ वेगळा शिकवायला कुणाची परवानगी लागत नाही.

माहुलीपेक्षाही मला जास्त बोलायचं आहे ते नाणेघाटाबद्दल, कारण नाव आणि माणूस यांचा संबंध तिथे डोळ्यांनी दिसतो. मुरबाडहून माळशेजच्या रस्त्याला लागलं की वैशाखऱ्याच्या पुढे घाटाची चढण सुरू होते. वर पोचल्यावर खिंडीच्या तोंडाशी ते कोरीव लेणं आणि थोडं पुढे तो मोठा दगडी रांजण. जुन्नरहून कल्याण आणि सोपाऱ्याच्या बंदरांकडे जाणारा माल याच वाटेने उतरायचा, आणि जकात या रांजणात पडायची असं इथला प्रत्येक माणूस सांगतो. लेण्यात शिरलं की डाव्या आणि उजव्या भिंतींवर ब्राह्मी अक्षरांच्या ओळी आहेत. सातवाहन राणी नागनिकेचा हा लेख. कोणकोणते यज्ञ केले, दक्षिणेत किती गाई, किती घोडे, किती हत्ती, किती कार्षापण दिले, याचा त्यात अगदी हिशेबी तपशील आहे. भारतातले अंक कसे घडले याचा अभ्यास करणारे जगभरचे लोक या लेखातल्या आकड्यांकडे येतात. भगवानलाल इंद्रजींनी ते आकडे वाचले.

आता समोरची, मागची भिंत पाहा. तिथे राजघराण्यातल्या माणसांच्या मूर्ती उठावात कोरल्या होत्या. प्रत्येकीच्या डोक्यावर नाव: सिमुक सातवाहन, राणी नागनिका आणि राजा सातकर्णी, महारठी त्रनकयिरो, कुमार हकुसिरी आणि आणखी काही. आज मूर्ती नाहीत. कुठे पायांचा थोडा भाग उरला आहे, कुठे तोही नाही. वरची नावं मात्र वाचता येतात. दोन हजार वर्षं पाऊस-वारा आणि माणसांचे हात लागूनही अक्षरं टिकली, चेहरे गेले. पण त्या लेखात यज्ञांचा हिशेब आहे म्हणून तरी आपल्याला सातकर्णी थोडाफार कळतो. हकुसिरीबद्दल त्या भिंतीवर नावापलीकडे काही नाही, आणि म्हणून तो राजपुत्र असूनही आपल्याला जवळजवळ अनोळखी आहे. हा घाट खोदताना ज्यांच्या हातात छिन्नी होती त्यांचं तर नावही नाही.

पुढचा टप्पा पाण्याचा. शहापूर तालुक्याची मुंबईशी गाठ पडली ती आधी रेल्वेने आणि मग पाण्याने. १८५४ मध्ये कल्याणपर्यंत आलेली गाडी १८५५ मध्ये वाशिंदला पोचली, १८६१ मध्ये कसाऱ्याला, आणि थळ घाट चढून १८६५ मध्ये इगतपुरीला. पुढे विहार आणि तुळशीची तळी मुंबईला अपुरी पडू लागली. तानसेवर दगडी धरण बांधून १८९२ मध्ये पाणी मुंबईला नेलं गेलं. जवळजवळ पावणेतीन किलोमीटर लांबीची ती भिंत त्या काळी जगातल्या मोठ्या बांधकामांपैकी एक होती. धरणाला नाव नदीचंच राहिलं, तानसा. वैतरणेवरच्या धरणाच्या वेळी वेगळं घडलं. तो जलाशय मुंबई महापालिकेचे नगर अभियंता ना. वि. मोडक यांच्या नावाने मोडकसागर झाला. अल्बर्ट मेयर यांच्यासोबत १९४८ मध्ये मुंबईच्या वाढीचा पहिला मोठा आराखडा करणारे हेच मोडक. स्वातंत्र्यानंतर मुंबईत लोंढे यायला लागले, तेव्हा त्या शहराला पाणी कुठून मिळेल याची चिंता वाहणारा माणूस. त्याचं नाव द्यावं यात गैर काहीच नाही. इंजिनिअरचं नाव जलाशयाला देण्याइतकी कृतज्ञता आपल्या देशात विरळाच. अलीकडच्या मध्य वैतरणा धरणाला २०१४ मध्ये बाळासाहेब ठाकरे यांचं नाव दिलं गेलं. भातसेच्या धरणाला पुन्हा नदीचंच नाव. मुंबईच्या पाण्यातला निम्म्याच्या आसपास वाटा एकट्या भातसेचा आहे.

हे सगळं ऐकल्यावर बाहेरचा माणूस विचारतो, मग शहापूर तालुक्यात उन्हाळ्यात टँकर का? उत्तर जमिनीच्या चढउतारात आहे आणि ते आपण नीट सांगायला शिकलं पाहिजे. तानसा आणि वैतरणेचं पाणी मुंबईकडे उताराने जातं. तलाव शहराहून उंचावर आहेत, त्यामुळे मोठमोठ्या नळांतून ते स्वतःच वाहतं. भातसेचं पाणी नदीत सोडून पिसे इथे उचललं जातं आणि पांजरापूरला शुद्ध होतं. आपल्या वाड्या मात्र या तलावांच्या वर, डोंगरांच्या सोंडांवर आणि माळांवर आहेत. त्यांना पाणी द्यायचं तर ते खालून वर चढवावं लागतं: पंप, वीज, दुरुस्ती, सगळा खर्च. वर पाऊस धो धो पडतो पण काळा कातळ तो धरून ठेवत नाही. फेब्रुवारी-मार्चमध्ये विहिरी तळाला जातात, आणि बायका डोक्यावर हंडे घेऊन तलावाच्याच दिशेने उतरतात. म्हणून तर घाटमाथ्यावरच्या भावली धरणाचं पाणी उताराने आणायची योजना पुढे आली. या तलावांसाठी ज्यांची शेतं गेली, ज्यांचे पाडे हलले, ज्यांच्या वाट्याला तानसा अभयारण्याचे नियम आले, त्यांची गावनिहाय नोंद कुठे एकत्र वाचायला मिळत नाही. भातसेच्या प्रकल्पग्रस्तांना तर पुनर्वसनासाठी पिढ्यान्‌पिढ्या अर्ज करावे लागले. मोडकसागराच्या काठी मोडकांची माहिती देणारा फलक असावा. त्याच फलकावर तिथून उठलेल्या पाड्यांची नावंही असावीत. एकाने दुसऱ्याचा मान कमी होत नाही.

आता ज्या नावासाठी मी खरं म्हणजे आलो आहे तिथे येतो.

दादरला प्लाझा सिनेमाच्या जवळ वीर कोतवाल उद्यान आहे. रोज लाखो माणसं त्याच्या बाजूने जातात. हे कोतवाल म्हणजे विठ्ठल लक्ष्मण कोतवाल, सगळ्यांचे भाई. जन्म १ डिसेंबर १९१२, माथेरानला, एका गरीब नाभिक कुटुंबात. माथेरान तेव्हा साहेब लोकांची आणि मुंबईच्या धनिकांची थंड हवेची जागा. बंगल्यांच्या त्या डोंगरावर राबणाऱ्या माणसांच्या घरात वाढलेला हा मुलगा पुण्याला शिकला, वकील झाला, आणि परत आला. हे परत येणं मला फार महत्त्वाचं वाटतं. वकिली करून मुंबई-पुण्यात बस्तान बसवणं त्याला सहज शक्य होतं. त्याने कर्जत-नेरळच्या पट्ट्यातले शेतकरी, ठाकूर, कातकरी यांच्या कज्ज्यांत लक्ष घातलं, गावोगावी पोरांसाठी शाळा सुरू केल्या, माथेरानच्या नगरपालिकेत काम केलं.

आणि धान्यकोठ्या काढल्या. यावर थोडं थांबतो, कारण भाईंचा पराक्रम सांगताना हा भाग घाईत उरकला जातो. पावसाळ्यात घरातलं भात संपतं. लावणी तर करायची असते. मग सावकाराकडून खावटी घ्यायची आणि पीक आलं की दिढीने, दुपटीने परत करायची. खळ्यावरूनच भात सावकाराच्या घरी जातं, आणि पुढच्या आषाढात पुन्हा त्याच दारात उभं राहावं लागतं. गावाची स्वतःची धान्यकोठी असली, हंगामात सगळ्यांनी तिच्यात थोडं थोडं भात घातलं, तर खावटीसाठी सावकाराचं तोंड पाहायला नको. एवढा साधा हिशेब. पण सावकाराची मूठ सैल करणारा हिशेब. १९४२ मध्ये भाई डोंगरात शिरले तेव्हा त्यांना भाकरी आणि आसरा ज्या घरांतून मिळाला, ती माणसं या कामातून त्यांची झाली होती. नुसत्या भाषणांनी कुणी पोलिसांचा मार खायला तयार होत नाही.

ऑगस्ट १९४२ मध्ये ‘चले जाव’ची हाक आली, पुढारी पकडले गेले, भाईंवरही वॉरंट निघालं. ते भूमिगत झाले आणि आझाद दस्ता उभा राहिला. या दस्त्याने काय निवडलं ते पाहा. खोपोली, भिवपुरी, भिरा इथल्या जलविद्युत केंद्रांतून टाटांची वीज मुंबईला जायची. गिरण्या आणि रेल्वे तिच्यावर चालायच्या. त्या तारा याच डोंगरपट्ट्यातून गेल्या होत्या. मुंबईतलं युद्धसाहित्याचं उत्पादन थांबवायचं तर मुंबईत जायची गरज नव्हती. इथल्या रानात उभ्या असलेल्या विजेच्या मनोऱ्यांचे पाय कापले की पुरे. सप्टेंबर ते नोव्हेंबर १९४२ या काळात दस्त्याने हे मनोरे पाडले आणि सरकार हादरलं. मुंबई शहर आपल्या या मुलखाच्या जिवावर किती अवलंबून आहे, हे त्या काळात याच्याइतकं स्पष्ट कुणी ओळखलं असेल असं मला वाटत नाही. बक्षिसं जाहीर झाली, पोलिसांच्या तुकड्या गावांत घुसल्या, माहिती काढण्यासाठी गावकऱ्यांचा छळ झाला.

दस्ता माग चुकवत सरकत सरकत सिद्धगडापर्यंत आला. मुरबाड तालुक्यात ज्यांनी सिद्धगड पाहिला आहे त्यांना हे ठिकाण का निवडलं हे लगेच कळेल. खाली नारिवली-उचल्याच्या बाजूने चढलं की दाट झाडी, मध्ये माची, माचीवर सिद्धगडवाडी आणि नारमातेचं देऊळ, आणि तिच्यावर सरळ उठलेला बालेकिल्ल्याचा कडा. पाठीशी भीमाशंकरचं रान. शेजारी गोरखगड-मच्छिंद्रगडाचे सुळके आणि आहुप्याच्या घाटाने वर पुणे जिल्ह्यात निघणारी वाट. कर्जत, मुरबाड, आंबेगाव, तिन्ही बाजूंना पाय काढता येतो. तालुक्याच्या आणि जिल्ह्याच्या रेषा या माणसांना अडवत नव्हत्या. कर्जत तालुका एकेकाळी ठाणे जिल्ह्यातच होता, मग कुलाब्यात गेला. मोखाडा इंग्रजांच्या काळात शहापूरचा पेटा, म्हणजे पोटविभाग, होता, आज पालघर जिल्ह्यात आहे. आपण इतिहास लिहिताना त्या रेषांत अडकलो तर भाई कोतवाल रायगडचे की ठाण्याचे या वादातच वेळ जाईल. ते या डोंगराचे होते.

ठावठिकाणा पोलिसांना लागला. २ जानेवारी १९४३, पहाट. पोलिसांनी रानात दस्त्याला घेरलं. गोळीबारात हिराजी पाटील पडले. भाईंना मांडीत गोळी लागली, उठता येईना. हॉल नावाच्या पोलीस अधिकाऱ्याने जखमी माणसाला जवळून गोळी घालून संपवलं. भाई तेव्हा तीस वर्षं आणि एक महिन्याचे होते.

हिराजी गोमाजी पाटील मानिवलीचे. त्यांचे वडील गोमाजी पाटील हेही या लढ्यात होते. बापलेक दोघांनी घरदार सोडून रानात जाणं म्हणजे काय, हे शेतकऱ्याच्या घरातल्या माणसाला समजावून सांगावं लागत नाही. भाताच्या कापणीच्या दिवसांत घरात कर्ता पुरुष एकही नाही, दारात पोलीस, आणि घरातल्या बायांना रोज तेच प्रश्न. भाईंचं नाव मोठं झालं ते योग्यच झालं. दरवर्षी २ जानेवारीला सिद्धगडावर माणसं जमतात, दोघांनाही मानवंदना देतात, याचा मला अभिमान आहे. पण मुंबईच्या उद्यानात हिराजींचं नाव नाही. पुस्तकांत त्यांच्यावर दोन ओळी असतात. ज्या घरांनी दस्त्याला जेवू घातलं, ज्या पोरांनी रानातून निरोप पोचवले, ज्यांनी मार खाल्ला पण तोंड उघडलं नाही, त्यांच्यावर त्या दोन ओळीही नाहीत.

१९८० नंतरच्या काही वर्षांत राज्यभर हुतात्मा स्मारकं उभी राहिली. बऱ्याच ठिकाणी ती आता कुलूपबंद आहेत, काही ठिकाणी छत गळतं. दुरुस्तीचे अर्ज आपण करतो, केले पाहिजेतच. पण छत दुरुस्त झाल्यावर आत काय ठेवायचं याचा विचार त्याहून आधी हवा. फोटोच्या चौकटी आणि हारांचे खिळे एवढंच ठेवलं तर पोरं एकदा येतील, पुन्हा येणार नाहीत. आत ठेवायला हवं ते गावातलंच: दस्त्यातल्या कुणाच्या घरी कुऱ्हाड असेल, वॉरंटचा कागद असेल, तुरुंगातून आलेलं पत्र असेल, आजीने सांगितलेली आठवण असेल.

१९४२ मध्ये दहा-बारा वर्षांची असलेली पोरं आज नव्वदी ओलांडून गेली आहेत. जी आहेत त्यांच्याकडे जायला वेळ फार थोडा आहे. त्यांच्या मुलांनी, सुनांनी ऐकलेल्या गोष्टी आहेत, त्याही लवकर विरतील. म्हणून एक नेमका प्रस्ताव मांडतो. सिद्धगडवाडी, नारिवली, उचले आणि या बाजूच्या वाड्यांतून घरटी विचारपूस करायची. दस्ता कुठे थांबला, कुणी जेवू घातलं, पोलीस कुठल्या वाटेने चढले, कुणाला पकडून नेलं, परत कधी आणलं. बोलणं जसंच्या तसं, त्यांच्याच बोलीत टिपायचं, ठाकरी असेल तर ठाकरी. शुद्ध करायचं नाही. मोबाइलमध्ये आवाज साठवायचा आणि प्रत्येक आठवणीपुढे सांगणाऱ्याचं गाव, वय आणि त्याने हे कुणाकडून ऐकलं ते लिहायचं. दोन माणसांच्या सांगण्यात फरक पडला तर दोन्ही ठेवायचं. कोणतं खरं हे ठरवायची घाई करायची नाही. ज्यांचं नाव जाहीर व्हायला नको असेल त्यांना तसा शब्द द्यायचा आणि पाळायचा. हेच काम तानसा, मोडकसागर आणि भातसेच्या काठच्या उठलेल्या पाड्यांसाठी करायचं: पाडा कुठे होता, देव कुठे हलवला, शेत कुणाचं होतं. जुने सातबारे आणि फेरफार तहसील कचेरीत मिळतात, त्यांच्याशी हे ताडून पाहायचं.

या सभेत दोन्ही तालुक्यांतल्या हायस्कुलांचे शिक्षक बसलेले मला दिसत आहेत. नववीतली मुलं हे काम उत्तम करतील, कारण आजोबा अनोळखी संशोधकाशी बोलणार नाहीत ते नातवाशी बोलतील. सुरुवात नारिवलीपासून करावी असं मी सुचवतो. भात झोडणी उरकल्यावर, मार्गशीर्षात, माणसं घरी सापडतात. ज्यांना यायचं असेल त्यांनी सभा संपल्यावर मागच्या टेबलावरच्या वहीत आपलं नाव, गाव आणि शाळा लिहावी.